कॅमेरामन ते दिग्दर्शक : गोविंद निहलानी आणि न बोलणारा लहान्या

शहाद्याहून बोलतोय. मागे ट्रॅक्टरचा आवाज येईल, कुणाच्या तरी लग्नाचा बँडही येईल, सीझनच आहे. सांभाळून घ्या. ज्यांच्याकडे नेट कमी आहे, डोंगरात रेंज येत नाही, त्यांच्यासाठी नेहमीसारखं हे बोलणं जसंच्या तसं लिहूनही देतोय.

आजचा विषय एका मेसेजमुळे सुचला. अक्कलकुव्याच्या एका श्रोत्याने लिहिलंय, "दादा, मी कॅमेरा चांगला चालवतो. रील्सना व्ह्यूज येतात. मला आता डायरेक्टर व्हायचंय. काय करू?" असे मेसेज महिन्याला पाच-सहा तरी येतात. बहुतेक वेळा मी "भरपूर सिनेमे बघ" एवढं लिहून मोकळा होतो. या वेळी म्हटलं, नीट उत्तर देऊ.

मी कोण उत्तर देणारा, हेही सांगतो. मी लग्नाचं शूटिंग करतो. चौदा वर्षं झाली. शहादा, तळोदा, नंदुरबार, कधी शिरपूर, कधी गुजरातच्या बाजूला निझरपर्यंत. हळद, वरात, बिदाई, अल्बम, आता ड्रोन आणि प्री-वेडिंग. सिनेमा मी केलेला नाही. पण कॅमेऱ्याच्या मागे उभं राहून दुसऱ्याच्या कार्यक्रमाला लाइट देणं म्हणजे काय असतं, ते मला माहीत आहे. म्हणून ज्या माणसाने आयुष्याची पहिली चाळीस वर्षं जवळपास हेच केलं आणि मग स्वतः गोष्ट सांगायला बसला, त्याच्याबद्दल आज बोलणार आहे. गोविंद निहलानी.

आता काही जण म्हणतील, हे नाव मराठी नाही. बरोबर. जन्म १९४०चा, कराचीचा, सिंधी कुटुंब. फाळणीत सगळं सोडून हे कुटुंब भारतात आलं. पण या माणसाच्या सिनेमातून मराठी लेखक काढून टाका, मग बघा काय उरतं. विजय तेंडुलकर, महेश एलकुंचवार, श्री. दा. पानवलकर, दिलीप चित्रे. नाव सिंधी असेल, पण डोकं बऱ्यापैकी आपल्याच वाचनावर पोसलेलं आहे.

शिक्षण कुठे? बंगळुरूच्या जयचामराजेंद्र पॉलिटेक्निकमध्ये. हो, पॉलिटेक्निक! जिथे आपल्याकडची मुलं सिव्हिल नाहीतर मेकॅनिकल करतात, तशाच ठिकाणी सिनेमॅटोग्राफीचा कोर्स होता. १९६२मध्ये तो पूर्ण करून हा मुलगा मुंबईला आला आणि व्ही. के. मूर्तींचा असिस्टंट झाला. मूर्तीसुद्धा त्याच पॉलिटेक्निकचे. 'प्यासा' आणि 'कागज के फूल' या गुरुदत्तच्या सिनेमांचा कॅमेरा त्यांचा. अंधाऱ्या स्टुडिओत वरून सूर्यकिरणांचा एक झोत पडतो आणि त्यात दोन माणसं समोरासमोर उभी राहतात, तो 'कागज के फूल'मधला शॉट तुम्ही कुठे ना कुठे पाहिला असेल. दादासाहेब फाळके पुरस्कार मिळालेले ते पहिले कॅमेरामन. अशा माणसाकडे असिस्टंट म्हणून राहायचं म्हणजे वर्षानुवर्षं लाइट मीटर घेऊन नटाच्या गालाजवळ उभं राहायचं. आकडा सांगायचा आणि बाजूला व्हायचं.

मी शिकलो तेव्हा माझ्या उस्तादांकडे सनगन धरायचो. गरम लाइट, हात भाजायचा, नवरीचा मामा ओरडायचा की डोळ्यात मारू नको. तीन वर्षं मला कॅमेऱ्याला हात लावू दिला नाही. तेव्हा राग यायचा. आता वाटतं, त्या तीन वर्षांत मी नुसती माणसं बघितली. लाइट धरणाऱ्याकडे कुणी लक्ष देत नाही, त्यामुळे लोक त्याच्यासमोर खरे वागतात.

पुढे निहलानींना भेटले सत्यदेव दुबे. नाटकवाले, जबरदस्त माणूस. १९७१मध्ये दुबेंनी तेंडुलकरांच्या 'शांतता! कोर्ट चालू आहे' या नाटकावर मराठी सिनेमा केला, त्याचा कॅमेरा निहलानींनी केला. म्हणजे यांची सुरुवातच मराठी सिनेमातली, आणि तीही कोर्टाच्या गोष्टीची. हे लक्षात ठेवा, कोर्ट परत येणार आहे.

मग श्याम बेनेगल. 'अंकुर' १९७४, 'निशांत' १९७५, 'मंथन' १९७६, 'भूमिका' १९७७, पुढे 'जुनून'. एकामागून एक. 'मंथन' तर गुजरातच्या पाच लाख दूध उत्पादकांनी प्रत्येकी दोन रुपये देऊन काढलेला सिनेमा. क्राउड फंडिंग म्हणतात ना आता, ते. 'भूमिका' हंसा वाडकरांच्या मराठी आत्मचरित्रावरून घेतलेला; त्यात नायिकेच्या लहानपणीच्या आठवणी कृष्णधवल आहेत. 'जुनून'साठी निहलानींना उत्कृष्ट छायाचित्रणाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. धंद्याच्या भाषेत सांगायचं तर सेट झालेला माणूस. ऑर्डर येतायत, नाव आहे, कशाला बाकीची झंझट?

इथे एक तांत्रिक गोष्ट सांगतो, कारण ती तुमच्या मोबाईललाही लागू होते. या सगळ्या सिनेमांत चेहरे कुणाचे आहेत? शबाना आझमी, स्मिता पाटील, ओम पुरी. सावळे चेहरे, खडबडीत चेहरे. आपल्या धंद्यात गिऱ्हाईक पहिलं वाक्य काय बोलतं? "भाऊ, जरा गोरं दिसलं पाहिजे हां." मग आम्ही लाइट फेकतो, नंतर कॉम्प्युटरवर अजून धुतो, आणि नवरी पिठात बुडवून काढल्यासारखी दिसते. निहलानींनी ते केलं नाही. सावळा रंग सावळाच ठेवला, फक्त त्यावरची चमक पकडली. तुम्ही आकाशाकडे तोंड करून मोबाईल धरता तेव्हा तो आपोआप आकाश सांभाळतो आणि माणूस काळाठिक्कर करतो. नाहीतर ब्यूटी मोड लावून पांढराफटक करतो. म्हणून चेहऱ्यावर बोट दाबून ठेवा, एक्सपोजर लॉक करा, ब्यूटी मोड बंद करा. मग बघा आपल्या आईचा चेहरा खरा कसा दिसतो ते.

तर १९८०. वय चाळिशीला टेकलेलं. पहिला सिनेमा दिग्दर्शित केला, 'आक्रोश'. लेखन तेंडुलकरांचं, संवाद दुबेंचे, कॅमेरा स्वतःचाच. मला इथेच जास्त थांबायचंय, कारण 'आक्रोश'चा नायक आदिवासी आहे. आणि मी ज्या जिल्ह्यातून बोलतोय तिथे २०११च्या जनगणनेप्रमाणे शंभरातले जवळपास ६९ लोक आदिवासी आहेत.

गोष्ट थोडक्यात सांगतो. ज्यांना बघायचाय त्यांनी दोन मिनिटं पुढे ढकला. लहान्या भिकू नावाचा आदिवासी मजूर. ते काम ओम पुरींनी केलंय. त्याची बायको नागी, म्हणजे स्मिता पाटील. नागीचा खून झालाय आणि आरोप लहान्यावरच. सिनेमा तिच्या चितेपाशी सुरू होतो. नवऱ्याला बेड्या घालून तिथे आणलंय. सरकारतर्फे त्याला वकील मिळतो, भास्कर कुलकर्णी, नसीरुद्दीन शाह. तरुण, प्रामाणिक, पहिलीच मोठी केस. तो जीव तोडून विचारतो, बाबा रे, काय झालं सांग. लहान्या एक शब्द बोलत नाही. तुरुंगात नाही, कोर्टात नाही. वकील हळूहळू स्वतःच शोधतो. गावच्या बड्या लोकांनी नागीवर अत्याचार करून तिला मारलंय. ही बडी मंडळी क्लबात पत्ते खेळतात, आणि त्यांच्याच टेबलावर सरकारी वकील दुसानेही बसलेला असतो. अमरीश पुरी. आणि हा दुसाने स्वतः आदिवासी आहे! शिकून वर आलेला. रात्री त्याला फोन येतात, जातीवरून शिव्या देणारे. तो ऐकतो, फोन ठेवतो, सकाळी कोट घालून कोर्टात जातो.

शेवटी लहान्याचा बाप मरतो. परत चिता, परत बेड्या. आणि तिथे लहान्या कुऱ्हाड उचलतो आणि स्वतःच्या बहिणीला मारतो. बायकोचं जे झालं ते हिचं होऊ नये म्हणून. आणि मग तो ओरडतो. पूर्ण सिनेमाभर दाबून ठेवलेला आवाज.

१९८१च्या भारतीय आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवात त्याला सुवर्णमयूर मिळाला, एका बल्गेरियन सिनेमाबरोबर विभागून. उत्कृष्ट हिंदी चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कारही. आणि आपल्याकडच्या लोकांसाठी एक सांगायचं राहिलं. नागीचं काम करणाऱ्या स्मिता पाटील म्हणजे शिरपूरच्या शिवाजीराव गिरधर पाटलांची मुलगी. म्हणजे खान्देशचीच पोरगी.

आता माझी गोष्ट. सांगू की नको असं वाटत होतं, पण सांगतो.

तीन वर्षांपूर्वी बाहेरच्या एका पार्टीने मला होळीचं काम दिलं. काठी-मोलगीकडची होळी तुम्हाला माहीत आहे. रात्रभर ढोल, मोरपिसांचे टोप, कमरेला भोपळे, घुंगरू, आणि पहाटे होळी पेटते. त्यांना ट्रॅव्हल व्हिडिओ करायचा होता. पैसे चांगले होते. माझ्यासोबत माझा असिस्टंट, धडगावकडचा पावरा पोरगा, तेव्हा एकोणीस वर्षांचा. मी लांबची लेन्स लावली आणि अंधारातून चेहरे टिपत बसलो. आगीचा लाइट चेहऱ्यावर, मागे काळोख. कॅमेरामनला यापेक्षा काय पाहिजे? मी खूश होतो. एका मुलीचा चेहरा मी बराच वेळ धरून ठेवला. तिला कळलं. ती सरळ चालत माझ्यापर्यंत आली आणि काहीतरी विचारलं. मला कळेना. असिस्टंट म्हणाला, "भाऊ, ती विचारते, हे कुणाला दाखवणार?" मी हसून म्हटलं, "सांग, सगळ्यांना." त्याने सांगितलं. ती अजून काहीतरी बोलली आणि निघून गेली. मी विचारलं, काय म्हणाली? तो म्हणाला, "काही नाही."

दोन आठवड्यांनी व्हिडिओ आला. माझाच शॉट, तिचा चेहरा, स्लो मोशन, मागे कुठलंतरी भलतंच गाणं. खाली कमेंट्स. काय काय लिहिलं होतं ते इथे बोलणार नाही. तुम्ही सगळे मोबाईलवाले आहात, अंदाज येईल. असिस्टंटने मला फोन दाखवला आणि काहीच बोलला नाही. दुसऱ्या दिवशी कामावर आला नाही. तिसऱ्या दिवशीही नाही. मी पार्टीला फोन करून व्हिडिओ काढायला सांगितलं. त्यांनी काढला, पण तोवर तो दहा ठिकाणी फिरला होता.

तीन आठवड्यांनी तो परत आला. त्या दिवशी पाऊस होता, काम नव्हतं. दुकानात बसून आम्ही लॅपटॉपवर 'आक्रोश' लावला. मीच लावला. मला वाटलं होतं, सिनेमा बघून तो म्हणेल, बघा, कुणीतरी आमच्याबद्दल केलं. सिनेमा संपला. तो बराच वेळ गप्प. मग म्हणाला, "भाऊ, हा बोलत का नाही?"

मी म्हटलं, अरे तोच तर पॉइंट आहे. बोलून उपयोग काय, ऐकणारं कुणी नाही. कोर्ट त्यांचं, डॉक्टर त्यांचा, पोलीस त्यांचे.

तो म्हणाला, "ते कळलं. पण आमच्याकडे सगळे बोलतात. माझी आजी तर थांबतच नाही."

मला हसू आलं आणि नंतर ते डोक्यातून जाईना. कारण तो चुकीचं बोलत नव्हता. 'आक्रोश' १९८०चा. त्याच्या आठ-नऊ वर्षं आधी ह्याच शहादा तालुक्यात काय चाललं होतं? तेव्हा आपण धुळे जिल्ह्यात होतो, नंदुरबार जिल्हा झाला १९९८मध्ये. शहाद्याच्या पट्ट्यात अंबरसिंग सुरतवंती नावाचा भिल्ल तरुण आदिवासी मजुरांना घेऊन उभा राहिला होता. गेलेल्या जमिनी परत द्या, मजुरी नीट द्या, बायकांवर हात टाकणं थांबवा. १९७२मध्ये श्रमिक संघटना उभी राहिली. आदिवासी बायका दारूच्या गुत्त्यांवर मोर्चे घेऊन गेल्या, मडकी फोडली, मारकुट्या नवऱ्यांना जाब विचारला. गाणी होती, घोषणा होत्या, सभा होत्या. म्हणजे मुंबईच्या पडद्यावर लहान्या गप्प बसला होता तेव्हा शहाद्याचे लहान्या आणि नागी ओरडून ओरडून घसा कोरडा करून बसले होते.

मग निहलानी-तेंडुलकर चुकले का?

मी यावर खूप विचार केला, आणि सिनेमा परत दोनदा बघितला. माझं मत सांगतो, पटलं तर घ्या. कॅमेरा कुठे आहे ते बघा. लहान्याच्या झोपडीत कॅमेरा फार कमी वेळ आहे. तो जास्तीत जास्त वेळ वकिलाच्या बाजूला आहे. टेबलाच्या अलीकडे. भास्कर विचारतो, आणि आपण भास्करच्या खांद्यावरून त्या चेहऱ्याकडे बघत बसतो. आत काय चाललंय ते आपल्याला कळत नाही. निहलानींनी कळल्याचं नाटक केलं नाही. शहरातला, शिकलेला, भला माणूस आदिवासीसमोर बसला की त्याला जेवढं दिसतं, तेवढंच दाखवलं. म्हणून मला तो सिनेमा आदिवासीचा कमी आणि ऐकू न येणाऱ्या वकिलाचा जास्त वाटतो. दुसाने तर त्याहून भारी. तो बोलू शकतो, इंग्रजीसुद्धा बोलतो, पण फोनवर शिव्या येतात तेव्हा तोही गप्पच.

आणि मी होळीत काय केलं होतं? मीसुद्धा टेबलाच्या अलीकडेच होतो. फक्त मी अंधारात लपलो होतो, आणि लांबच्या लेन्सने जवळ गेल्याचं सोंग करत होतो. फरक तेवढाच, पण तो बारीक नाही.

असिस्टंटला मी हे सगळं समजावलं. तो म्हणाला, "हो भाऊ, सिनेमा चांगला आहे. पण आम्हाला टेबलाच्या पलीकडून बघायला पाहिजे ना." याला काय उत्तर देणार? तुमच्याकडे असेल तर पाठवा.

पलीकडून बघणारे सिनेमे अगदीच नाहीत असं नाही. आनंद पटवर्धन आणि सिमंतिनी धुरू यांचा 'अ नर्मदा डायरी' हा १९९५चा माहितीपट आपल्याच नर्मदाकाठचा आहे. त्यात आदिवासी स्वतः बोलतात, भांडतात, अधिकाऱ्यांना उलटे प्रश्न विचारतात. माझ्या असिस्टंटने तो बघताना पॉज करून करून बघितला. त्यातली माणसं कुणाच्या ना कुणाच्या नात्यातली निघतात.

बरं, निहलानींकडे परत. 'आक्रोश'नंतर १९८३चा 'अर्धसत्य'. पानवलकरांच्या 'सूर्य' या कथेवरून, पटकथा तेंडुलकरांची, आत दिलीप चित्रेंची कविता. सबइन्स्पेक्टर वेलणकर म्हणजे ओम पुरी, आणि समोर रामा शेट्टी, म्हणजे आपले नगरचे सदाशिव अमरापूरकर. पोलीस भरतीची तयारी करणाऱ्यांनी हा सिनेमा एकदा बघावाच. भरतीच्या रीलमध्ये जे दाखवत नाहीत ते सगळं त्यात आहे. मध्ये रिचर्ड अॅटनबरोच्या 'गांधी'च्या दुसऱ्या युनिटचं कामही त्यांनी केलं. म्हणजे दिग्दर्शक झाल्यावर जुनं काम कमीपणाचं वाटलं नाही.

१९८४चा 'पार्टी' एलकुंचवारांच्या नाटकावरचा. गंमत म्हणजे 'आक्रोश'मध्ये आदिवासींमध्ये काम करणाऱ्या कार्यकर्त्याची भूमिका याच एलकुंचवारांनी केली होती. 'पार्टी'मध्ये मुंबईचे लेखक, कवी, नाटकवाले एका बंगल्यात जमलेत, दारू पितायत, आणि सगळे अमृत नावाच्या कवीबद्दल बोलतायत, जो तिथे नाहीच. तो आदिवासींसोबत लढायला निघून गेलाय. परत तेच बघा. ज्याने बोलायचं तो फ्रेममध्ये नाही, आणि जे फ्रेममध्ये आहेत त्यांची तोंडं बंद होत नाहीत.

'तमस' तुमच्या आईवडिलांना आठवेल. भीष्म साहनींच्या कादंबरीवरची मालिका, १९८८च्या सुरुवातीला दूरदर्शनवर आली. फाळणीची गोष्ट, लहानपणी त्याच फाळणीत घर सोडलेल्या माणसाने केलेली. ती बंद पाडायला लोक कोर्टात गेले. मुंबई उच्च न्यायालयाने आणि मग सर्वोच्च न्यायालयाने ती दाखवू दिली. आणि 'तमस'च्या कॅमेऱ्यामागे कोण होतं? व्ही. के. मूर्ती. पंचवीस वर्षांपूर्वी ज्यांच्यासाठी लाइट मीटर धरला, त्याच उस्तादांना शिष्याने आपल्या कामावर बोलावलं. मी हे पहिल्यांदा वाचलं तेव्हा माझ्या सनगनवाल्या उस्तादांना फोन केला. ते म्हणाले, "पैसे किती देशील?"

नंतरची वर्षं वरखाली आहेत. 'तक्षक', 'देव' वगैरेंबद्दल मी फार बोलणार नाही, मला ते तेवढे भिडले नाहीत. मोठे स्टार आले की त्यांच्या सिनेमातली ती शांतता जाते, असं माझं मत. पण एक सिनेमा मात्र शोधून बघा, 'ति आणि इतर', २०१७चा. वयाच्या सत्त्याहत्तराव्या वर्षात त्यांनी दिग्दर्शित केलेला पहिला मराठी सिनेमा. मंजुळा पद्मनाभन यांच्या 'लाइट्स आउट' या इंग्रजी नाटकावरून. एका घरात मित्रमंडळी जमलीयत आणि शेजारून एका बाईच्या किंकाळ्या येतायत. सगळ्यांना ऐकू येतं. सगळे चर्चा करतात, की हे नेमकं काय असेल, आपण पडावं का यात. चर्चाच करतात. 'आक्रोश'मध्ये ओरड शेवटी येते. इथे ती पहिल्यापासून येतेय. मध्ये सदतीस वर्षं गेली, आणि माणूस अजून तोच प्रश्न धरून बसलाय.

कॅमेरामनचे दिग्दर्शक झालेले आपल्याकडे अजूनही आहेत, पटापट नावं सांगतो, लिहून घ्या. 'दुनियादारी'वाले संजय जाधव मुळात कॅमेरामन. अविनाश अरुण यांनी 'किल्ला' केला, कॅमेराही त्यांचाच. २०१४ला बर्लिनमध्ये मुलांच्या ज्युरीने त्याला क्रिस्टल बेअर दिलं. पुढे 'पाताल लोक' आणि 'थ्री ऑफ अस'. 'सैराट'चा कॅमेरा करणारे सुधाकर रेड्डी यक्कंटी मूळचे आंध्रचे, पण पहिला सिनेमा दिग्दर्शित केला तो मराठीत, 'नाळ', २०१८. त्याला पदार्पणाचा राष्ट्रीय पुरस्कार. अमोल गोळे यांचा 'सुमी', उत्कृष्ट बालचित्रपट. तुम्हाला काही दिसतंय का? 'किल्ला', 'नाळ', 'सुमी', तिन्ही लहान मुलांच्या गोष्टी. मला वाटतं कॅमेरामनला लहान मूल जवळचं वाटत असणार. दोघंही कोपऱ्यात उभं राहून मोठ्यांकडे बघत असतात आणि दोघांनाही मध्ये बोलायची परवानगी नसते.

तर अक्कलकुव्याच्या भावा, तुझा प्रश्न. निहलानी १९६२ला शिकून बाहेर पडले आणि १९८०ला पहिला सिनेमा केला. अठरा वर्षं. तुला घाबरवत नाहीये, हिशेब सांगतोय. त्या अठरा वर्षांत त्यांनी काय गोळा केलं? लाइट तर केलाच, पण दुबे, तेंडुलकर, बेनेगल, एलकुंचवार, अशी भांडणारी, वाचणारी माणसं गोळा केली. तू गिंबल घेतलास म्हणतोस, छान. तुझ्या गावात गोष्ट सांगणारं कोण आहे, ते शोधलंस का? आणि पुढच्या वेळी कुणी कॅमेऱ्यासमोर येऊन विचारलं की हे कुणाला दाखवणार, तर माझ्यासारखा हसू नकोस.

माझ्या असिस्टंटचं सांगून थांबतो. तो आता बावीसचा झालाय. या दिवाळीनंतर त्याने धडगावकडे, स्वतःच्या घरात, आजीला बसवून शूट केलं. पावरी भाषेत. ती डोंगरातल्या जुन्या पायवाटेबद्दल बोलते, कोण कुठून कुठे चालत जायचं, कुणाचं लग्न कुठे जमलं. अकरा मिनिटं सलग, कट नाही. कॅमेरा त्याने जमिनीवर, चुलीच्या बाजूला ठेवला. मी म्हटलं, अरे थोडा वर घे, चेहऱ्यावर दाराचा लाइट चांगला येतोय. तो म्हणाला, "भाऊ, मी लहानपणी इथेच बसायचो ऐकायला."

मग मी गप्प बसलो आणि दारात रिफ्लेक्टर धरून उभा राहिलो. सहाव्या मिनिटाला हात दुखायला लागले. आजी मध्येच माझ्याकडे बघून काहीतरी म्हणाली आणि घरातले सगळे हसले. मी विचारलं, काय म्हणाली? या वेळी त्याने सांगितलं. "म्हणते, हा पत्रा धरून उभा असलेला माणूस कोण? त्याला बसायला सांगा."

व्हिडिओ अजून टाकलेला नाही. आजीला आधी पूर्ण बघायचाय, आणि लाइट आलेली नाही दोन दिवस. आली की लिंक देतो.